बोलपटातल्या बाईची पिंजर

गणपतीच्या आधी आठ दिवस आमच्याकडे भिंतीवरचे सगळे फोटो खाली उतरतात. भिंतीला रंग द्यायचा, काचा पुसायच्या, आणि मग ज्याची जागा त्याला परत द्यायची. हे काम मी दुसऱ्या कुणाला करू देत नाही. जुनं घर मोडून हे घर मी बांधलंय, जांभ्या दगडाचा चिरा न् चिरा माझ्या हाताने तासून लावलाय, तेव्हा कुठला खिळा किती भार झेलतो ते मला ठाऊक. मुलगा म्हणतो, "आबा, या वयात स्टुलावर चढू नका." मी चढतो.

मधल्या खोलीत माझ्या आईबाबांच्या फोटोशेजारी एक गोरी बाई आहे. पोस्टकार्डाएवढा फोटो, काळी लाकडी चौकट. केस कानापाशी कापलेले, मान थोडी वळवलेली, ओठ मिटलेले, पण आत्ता काहीतरी बोलून जाईल असं तोंड. खाली कोपऱ्यात तिरकी सही. आणि कपाळावर पिंजरीचा ठसठशीत टिळा. पिंजर म्हणजे कुंकूच. आमच्या म्हाताऱ्या बायका पिंजर म्हणतात. नवीन माणूस घरात आला की आधी देवाला हात जोडतो, मग या बाईकडे बघतो, मग माझ्याकडे. मग मी गोष्ट सांगतो. सांगत होतो, असं म्हणायला हवं.

गोष्ट अशी. माझे बाबा बोटीवर आगवाले होते. बोटी कोळशावर चालायच्या तेव्हा तळाशी भट्टीत फावड्याने कोळसा मारणारा माणूस तो आगवाला. दुसऱ्या महायुद्धाच्या आधी त्यांची बोट फ्रान्सच्या मार्सेलिस बंदराला लागली. धक्क्यावर सिनेमाचं शूटिंग चाललं होतं. मुका सिनेमा जाऊन बोलपट नुकताच आलेला. तिथल्या साहेबाला गर्दीत परमुलखातली माणसं उभी करायची होती, म्हणून त्याने बोटीवरच्या चौघांना बोलावलं. त्यात बाबा. दिवसभर उभे राहिले. काम संपल्यावर सिनेमातली नटी स्वतः चालत आली, सही केलेला हा फोटो बाबांच्या हातात दिला आणि म्हणाली, "तुम्ही फार लांबून आलात. घरी गेल्यावर माझी आठवण ठेवा."

सत्तरच्या वर वर्षं मी ही गोष्ट सांगितली. माझी सोयरीक जुळत होती तेव्हा सासऱ्याला सांगितली. रत्नागिरीजवळ मिरजोळ्याला कारखाने आले, तिथे कंपाउंड बांधायला गेलो तेव्हा इंजिनिअरला सांगितली. माझं शिक्षण तिसरी. पण ही गोष्ट सांगताना मी कुणापुढे मान खाली घातली नाही. इंजिनिअरसुद्धा म्हणाला होता, "मिस्त्री, तुमचे वडील म्हणजे इतिहास आहेत." मी त्या दिवशी चिऱ्यांचा एक थर जास्त चढवला.

ती गोष्ट खोटी आहे. ती मी रचली.

कशी रचली तेही सांगतो. लढाई संपल्यावर बाबा बोट सोडून कायमचे घरी आले तेव्हा मी पाच-सहा वर्षांचा असेन. येताना छातीत खोकला आणि पत्र्याची ट्रंक, एवढंच आणलं. आईने ट्रंक उन्हात घातली तर तळाच्या कागदाखाली हे कार्ड मिळालं. आईने विचारलं, "ही कोण वो?"

बाबा म्हणाले, "बोलपटातली बाय. मार्सेलिसला घेतला फोटो."

संपलं. बाबा बोलायचेच कमी. भट्टीच्या आवाजाने कान गेलेले, आणि ज्याला स्वतःचं ऐकू येत नाही तो माणूस हळूहळू बोलणं सोडतो. आईने दोन दिवस विचार केला. दुसरी एखादी असती तर कार्ड चुलीत घातलं असतं. आईने जुन्या कॅलेंडरातल्या देवाची चौकट होती ती आणली आणि म्हणाली, "नवऱ्याने एवढ्या लांबून आणलंय तर भिंतीवर लावीन. पण रित्या कपाळाची बाय मी रोज सकाळी बघायची नाय." बोटीवरच्या माणसाच्या बायकोचं भय असतं ते. सहा सहा महिने कागद नाही, पत्ता नाही. रिकामं कपाळ दिसलं की छातीत धस्स व्हायचं तिच्या. तिने पिंजरीत खोबरेल कालवलं आणि कार्डावरच, बाईच्या दोन भुवयांच्या मध्ये टिळा लावला. मग काच बसवली.

आता वाडीत गोरी बाई भिंतीवर आली म्हटल्यावर लोक गप्प बसतात होय? विहिरीवर बायका आईला विचारायच्या, "काय गो, सवत बरी हाय ना?" आई हसून घागर उचलायची. मला हसता येत नव्हतं. तिसरीत असताना एका पोराने वर्गात मोठ्याने विचारलं की तुझ्या बापाने तिकडे दुसरं घर केलंय ते खरं काय, आणि मास्तर हसला. पोराचं मला काही नव्हतं. मास्तर हसला. मी पाटी फेकली, ती फळ्याला लागून फुटली, आणि मी घरी आलो तो परत शाळेत गेलो नाही. आईने मारलं, मामाने समजावलं. नाही म्हणजे नाही.

पण वाटेत, शाळेतून घरी येताना, मी पहिली थाप मारली. रस्त्यात वाण्याने विचारलं, "का रे, शाळा सुटली एवढ्यात?" मी म्हटलं, "माझे बाबा सिनेमात होते. म्हणून पोरं जळतात." एवढीच होती तेव्हा गोष्ट. मग ती वाढली. धक्का आला, साहेब आला, चौघे आले. बाईचं बोलणं सगळ्यात शेवटी आलं, त्याला दोन वर्षं लागली.

एकदा वाण्याच्या दुकानात मी रंगात येऊन सांगत होतो. चार माणसं ऐकत होती. ऐकणाऱ्यांचे डोळे माझ्या मागे गेले म्हणून वळलो, तर बाबा उभे. हातात तेलाची बाटली. त्यांना कितपत ऐकू आलं होतं देव जाणे. माझ्याकडे बघितलं, तेल घेतलं, बाटली माझ्या हातात दिली आणि चालू लागले. घरापर्यंत मी मागून चालत आलो. पायऱ्यांशी थांबून म्हणाले, "तेल सांडू नको." बस. मी ते होकारासारखं धरलं.

त्यानंतर बाबा पाच वर्षं जगले.

आता गेल्या वर्षीच्या गणपतीचं. माझी नात मुंबईला नोकरी करते, ती आठ दिवस आधीच आली. मी फोटो उतरवून देत होतो, ती काचा पुसत होती. गोऱ्या बाईची काच पुसता पुसता तिने मोबाइलने तिचा फोटो काढला. जेवायला बसलो तेव्हा म्हणाली, "आबा, तुमची नटी सापडली."

मला वाटलं मस्करी करते. पण खरंच सापडली होती. बाईला नाव होतं. ते माझ्या जिभेवर बसत नाही, आणि चुकीचं लिहिण्यापेक्षा न लिहिलेलं बरं. मुक्या सिनेमाच्या शेवटी आणि बोलपटाच्या पहिल्या वर्षांत फ्रान्समध्ये तिने थोडी कामं केली, बहुतेक लहानसहान. नंतर नाही. कधी मेली, कुठे मेली, पत्ता नाही. तिच्याबद्दल सगळ्या जगात मिळून दहा-बारा ओळी लिहिलेल्या, असं नातीने दाखवलं. म्हणजे आमच्या वाडीच्या पुजाऱ्याबद्दल देवळातल्या फरशीवर जेवढं कोरलंय त्याच्याही कमी. आणि त्या दहा-बारा ओळी लिहिणारी तिकडची एक मास्तरीण. विसरल्या गेलेल्या नटनट्या शोधून त्यांचं पुस्तक करण्याचं काम ती करते. नातीने तिला फोटो पाठवला होता, आणि सोबत माझी गोष्टही. सगळी. धक्का, साहेब, लांबून आलात, सगळं.

मी म्हटलं, "मला विचारायचं तरी."

"तुम्ही तर सगळ्यांना सांगता, आबा!"

मी भात कालवायला घेतला. दोन दिवसांत मास्तरणीचं उत्तर आलं. तिला माझ्याशी बोलायचं होतं, तोंड दिसेल असं, मोबाइलवर. दुपारची वेळ ठरली, तेव्हा तिकडे सकाळ असते. आमची म्हातारी सकाळपासून मागे लागली. "अवो, शर्ट तरी घाला धुतलेला. बनियनवर बसाल नि फ्रान्सवाल्यांना वाटेल हिकडं कपडे मिळत नायत."

"गप गो."

"मी कशाला गप? माझी सासू सवत म्हणून सांभाळत होती तिला. आता तिची माणसं सोयरीक घेऊन आलीत, मग चहा कुणी करायचा?"

मास्तरीण माझ्या मुलीच्या वयाची निघाली. केस पिकलेले, चष्मा, मागे पुस्तकांची भिंत. तिने हात जोडून नमस्कार केला, तो मला आवडला. ती इंग्रजीत बोलायची, नात मराठीत सांगायची. आधी म्हणाली की तुमच्या फोटोमुळे मला झोप लागली नाही. असे फोटो तेव्हा दुकानात विकत मिळायचे, सहीसुद्धा छापलेली असायची, तिच्याकडे या बाईची अशी दोन कार्डं आहेत. पण आमच्या कार्डावर जे आहे ते कुठल्याच कार्डावर नाही. बाईचा एक बोलपट होता, त्याचं फक्त नाव उरलंय, रीळ गेलं. नावावरून त्यात कुणी हिंदुस्थानी नाचणारीण असावी असा तिचा तर्क. त्याला आजवर पुरावा नव्हता. आता मिळाला. कपाळावरचा टिळा. बाईने हिंदू बाईचं काम केलं होतं.

नात हे सांगता सांगता थांबली आणि माझ्याकडे बघायला लागली. मी हसलो. इतका हसलो की खोकला लागला. म्हातारी आतून धावत आली.

"बाय, तिला सांग," मी म्हटलं, "ती पिंजर माझ्या आईची हाय. खोबरेल तेलात कालवून बोटाने लावलेली."

नातीने सांगितलं. मास्तरणीने पेन खाली ठेवलं. मग तीही हसली, चष्मा काढून डोळे पुसले आणि विचारलं, का लावली? मी कारण सांगितलं. बोटीवरच्या माणसांचं, कागद न येण्याचं, रित्या कपाळाचं. मास्तरीण बराच वेळ लिहीत होती. मग म्हणाली, बरं झालं सांगितलंत, मी त्यावर दीड पान लिहून ठेवलं होतं. ते छापलं गेलं असतं तर पुढे सगळ्यांनी तेच खरं धरलं असतं, कारण या बाईबद्दल दुसरं कुणी काही लिहिणारच नाही.

मला मोठं समाधान वाटलं, खोटं कशाला बोलू? एवढी शिकलेली बाई, पण आमच्या घरातल्या टिळ्यापाशी अडकली आणि तिसरीत शाळा सोडलेल्या मिस्त्रीने तिला सोडवली. मी म्हातारीकडे बघून म्हटलं, "बघितलंस? विचारल्याबिगर कसं कळणार?"

आणि तेवढ्यात मास्तरीण दुसऱ्या गोष्टीवर आली.

म्हणाली, त्या बाईने एका बोलपटात काम केलं होतं, तो खरोखरच मार्सेलिसच्या धक्क्यावर घेतला होता. त्याचंही रीळ उरलेलं नाही. शूटिंगच्या जागी कोण होतं, काय घडलं, बाई कशी वागायची, कशी बोलायची, हे सांगणारं एकही माणूस, एकही चिठ्ठी नाही. त्या बोलपटाचं पान तिच्या पुस्तकात कोरं आहे. तुमच्या वडिलांची आठवण म्हणजे एवढा एकच साक्षीदार. तेव्हा तुम्ही ती तुमच्या तोंडाने सांगा, मी आवाज भरून घेते.

"कधी?" मी विचारलं.

"आत्ताच," नात म्हणाली.

मी म्हटलं, "पाणी पिऊन येतो."

मागच्या पडवीत जाऊन बसलो. पाणी प्यायलो नाही. आयुष्यभर चिऱ्याचं काम केलं. भिंतीत एक जागा राहिलेली असते, तिच्या मापाचा चिरा हुडकायला दिवस जातो. आणि कधीतरी असं होतं की बाजूला पडलेला एखादा चिरा उचलावा आणि तासल्याशिवाय तो चपखल बसावा. माझी थाप तशी बसत होती. मला त्या धक्क्याचं, त्या बोलपटाचं काही ठाऊक नव्हतं, आणि तरी बसत होती. मनात म्हटलं, कोण जाणे, बाबा खरंच असतील तिथे उभे. नसतीलच असं कुणी सांगावं? बाबा गेले, बाई गेली, कुणाचं काय जाणार आहे? उलट दोघांना पुस्तकात जागा मिळेल. आगवाला आणि नटी, एका पानावर. नाही म्हणून सांगावं तर काय उरतं? नातीपुढे, म्हातारीपुढे, सगळ्या वाडीपुढे मी खोटारडा. या वयात. ज्याने पाटी फोडली पण मास्तरची माफी मागितली नाही, तो.

म्हातारी दारात आली. "काय झालं वो? तोंडपाठ हाय ना तुमच्या. जावा, सांगा की."

परत जाऊन बसलो तर नात म्हणाली, "आबा, मॅडमनी एक तुकडा पाठवलाय. तिचा बोलतानाचा एवढाच उरलाय जगात. तुम्ही बघितला नसेल म्हणून आधी बघा म्हणतात."

तिने मोबाइल माझ्यापुढे धरला.

मासळी बाजार होता. पडद्यावर पाऊस पडल्यासारख्या रेघा. टोपीवाला एक माणूस, आणि त्याच्यासमोर कमरेवर हात ठेवून उभी ती. आमची बाई. तीच मान. पुढ्यात मासळीची टोपली. टोपीवाला काहीतरी म्हणाला, तशी ती बोलायला लागली.

पंच्याऐंशीला टेकलो मी. तिला रोज बघत आलो, आंघोळ करून आलो की समोर तीच. आणि तिचा आवाज त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. मी तिला जो आवाज दिला होता तो मऊ होता, सिनेमातल्या बायकांचा असतो तसा. हा आवाज जाड, खरखरीत. शब्द लांबवून सोडायची, शेवटाला वर चढवायची. कळलं काहीच नाही, पण ती त्याला झापत होती हे कळायला भाषा लागत नव्हती. आमच्याकडे कोळीण दाराशी येऊन भाव पाडणाऱ्याला बोलते ना, तस्सं. टोपीवाला पळाला, आणि सिनेमाही त्याच्यामागून दुसरीकडे गेला. ती मागे राहिली. संपलं. मोजून दहा श्वासांचं काम.

"परत लाव," मी म्हटलं.

तीनदा लावायला लावलं. मास्तरीण सांगत होती, तिच्या बोलण्याला बंदराकडचा हेल होता. मुका सिनेमा होता तोवर चालून गेलं. बोलपट आला आणि पॅरिसवाले तिच्या हेलाला हसले. मग तिला मोलकरणीची, मासेवालीची कामं मिळाली, आणि मग तीही नाहीत.

हे मला समजावून सांगावं लागलं नाही. तरुणपणी वर्षभर मुंबईला इमारतीच्या कामावर होतो. तोंड उघडलं की सगळे "ए रत्नांग्री" म्हणून हाक मारायचे आणि माझ्या हेलात मलाच परत बोलून दाखवायचे. वर्षात मी परत आलो. इथे चिरेखाणीवर उन्हात मेलो तरी चालेल, म्हटलं.

आणि त्या तोंडात मी ते वाक्य घातलं होतं. तुम्ही फार लांबून आलात, माझी आठवण ठेवा. ते वाक्य तिच्या तोंडात बसत नव्हतं. चौथ्यांदा मी मनातल्या मनात बसवून बघितलं. नाही बसलं. ती बाबांना भेटली असती तर काहीतरी बोलली असती खास, पण हे नाही. काय बोलली असती ते मला माहीत नाही. जिच्या बोलण्यामुळे तिचं काम गेलं, तिचं उरलंय एवढंसं बोलणं, आणि त्याच्याशेजारी पुस्तकात माझं बनावट वाक्य छापून यायचं, तेही कायमचं.

"बाय," मी म्हटलं, "तिला सांग, ती गोष्ट मी केलेली हाय."

"म्हणजे?"

"रचलेली. बाबा एवढंच म्हणाले होते, बोलपटातली बाय, मार्सेलिसला घेतला फोटो. बाकीचं माझं."

नातीने मोबाइल जरा बाजूला केला. मग हळूच म्हणाली, "आबा, तुम्ही दमलात का? आपण उद्या बोलू."

"मी दमलेलो नाय. तू सांगतेस काय मी सांगू?"

मला इंग्रजीतला एक शब्द येत नाही हे तिला ठाऊक, पण मी सांगितलं असतं हेही ठाऊक. तिने सांगितलं. दारात म्हातारी उभी होती. माझ्यासाठी आणलेला चहा ती तसाच आत घेऊन गेली.

मास्तरीण रागावली नाही. तिने विचारलं, का रचली? मी पाटीचं सांगितलं, मास्तरचं सांगितलं. मग तिने विचारलं, वडिलांनी तो फोटो का विकत घेतला असेल, तुम्हाला काय वाटतं?

एवढा साधा प्रश्न.

आणि तो मी बाबांना कधी विचारलाच नाही. तेलाच्या बाटलीनंतर ते पाच वर्षं होते. संध्याकाळी ओट्यावर बसून असायचे, मी पायाशी. विचारता आलं असतं. कानाशी जाऊन मोठ्याने बोललं की ऐकू जायचं त्यांना. तुम्ही तो बोलपट बघितलात काय? की दुकानाच्या काचेतून नुसती बाई बघितलीत? तळात काळोखात कोळसा मारणारा माणूस, वाचता येत नाही, भाषा येत नाही, परक्या बंदरात दुकानात शिरतो आणि एवढ्या कार्डांतून हेच निवडतो, आणि मग इतकी वर्षं ट्रंकेच्या तळाला ठेवतो, कुणाला दाखवत नाही. का? मी विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर माझी गोष्ट मोडली असती. मी बाबांची बाजू घ्यायला म्हणून ती रचली आणि तिच्यामागे बाबाच दिसेनासे झाले.

मी मास्तरणीला म्हटलं, "मला ठाऊक नाय."

तिने तेही लिहून घेतलं. म्हणाली, धक्क्यावरच्या बोलपटाचं पान मी कोरंच ठेवते. आणि दुसऱ्या एका पानावर लिहिते की रत्नागिरीजवळच्या एका घरात या बाईचा फोटो कधीपासून भिंतीवर आहे, आणि तिच्या कपाळावर घरातल्या बाईने टिळा का लावला. हे चालेल का? मी म्हटलं, हे चालेल, ते खरं आहे.

म्हातारी त्या दिवशी दिवेलागणीपर्यंत बोलली नाही. मग चहाचा कप पुढे आदळून म्हणाली, "माझ्या बापाला सांगितलेलंत ते पण खोटं?"

"ते पण."

"माझ्या बहिणींना मी छाती फुगवून सांगत आली ते?"

"ते तू सांगितलंस. त्याला मी काय करू?"

"वा! आता माझ्यावर आलं!" ती आत गेली, पुन्हा बाहेर आली. "साठ वर्षं नांदले त्या गोष्टीवर. आता कशावर नांदू?" मग स्वतःच हसायला लागली. पण साखर तिने घातली नव्हती चहात, दुसऱ्या दिवशीही नाही.

पुढचं मला वाटलं होतं त्यापेक्षा वाईट झालं. गणपतीच्या दुसऱ्या दिवशी आरतीला वाडीतली माणसं जमली. माझा पुतण्या त्याच्या चिपळूणच्या नव्या जावयाला घेऊन आला होता. प्रसाद झाला, आणि पुतण्या म्हणाला, "काका, जावयांना ती बोलपटाची गोष्ट सांगा."

मी उभा राहिलो. वीस-पंचवीस माणसं होती. मी म्हटलं, "ती गोष्ट खोटी हाय. लहानपणी मी रचली. माझे बाबा कुठल्या सिनेमात नव्हते, त्यांनी हा फोटो दुकानातून घेतला."

मी मास्तरच्या हसण्यासारखं हसू ऐकायची तयारी करून उभा होतो. पाय घट्ट रोवून. पण कुणी हसलं नाही. पुतण्याने माझ्या मुलाकडे बघितलं, मुलाने मान खाली घातली. मग पुतण्या जावयाला हळू आवाजात म्हणाला, "काकांचं आता वय झालं. विसरायला होतं त्यांना." आणि मी समोर उभा असताना त्याने ती गोष्ट सांगायला घेतली. धक्का, साहेब, चौघे. माझ्याच शब्दांत. शेवटी तर त्याने बाईकडून बाबांना एक रेशमी रुमालही देववला.

"रुमाल?" मी ओरडलो. "रुमाल कुठला आणलास रे?"

"होय होय, काका. बसा तुम्ही."

"अरे, खोटं हाय ते सगळं! मी केलंय!"

"बसा, काका," म्हणून जावयाने मला हाताला धरून खुर्चीत बसवलं आणि माझ्या पाया पडला. हसू दाबायला म्हातारीने पदर तोंडात कोंबला होता. रात्रीच्या भजनाची माणसं येईपर्यंत मुलाने मला दोनदा विचारलं, आज तारीख काय ते सांगा बघू. मी सांगितली. वारही सांगितला.

सत्तर वर्षं थाप मारली ती त्यांनी वेदवाक्य म्हणून घेतली, आणि खरं बोललो तर डॉक्टरकडे न्यायची भाषा. नात मुंबईला जाताना म्हणाली, "आबा, तुम्ही लिहून काढा. लिहिलेलं तुम्ही विसरलात असं कुणी म्हणणार नाही." म्हणून हे लिहिलंय. अक्षर तिरकं जातं, आणि तिसरीतली जोडाक्षरं कुठे कुठे दगा देतात. तरी दुसऱ्या कुणाकडून लिहून घेतलं नाही.

रुमाल नव्हता. साहेब नव्हता. बाबांनी तो फोटो मार्सेलिसला घेतला आणि घरी आणला. का, ते मी विचारलं नाही.